बर्मिंगहॅमचे अडीच गुंठे

माझी मुलगी परिचारिका आहे. इंग्लंडमधील बर्मिंगहॅम शहरात एका रुग्णालयात ती नोकरीला आहे. "पप्पा, तुम्ही या," असे ती दर रविवारी फोनवर म्हणायची आणि मी दर रविवारी "पुढच्या वर्षी बघू" म्हणून वेळ मारून न्यायचो. रेल्वेच्या माटुंगा वर्कशॉपमधून निवृत्त होऊन मला सहा वर्षे झाली होती. तिची आई गेल्यापासून कल्याणच्या घरात मी एकटाच. शेवटी २०२४ च्या मार्चअखेरीस मुलीने तिकीटच काढून पाठवले, तेव्हा नाही म्हणता येईना.

इंग्लंड म्हटले की आपल्या लोकांच्या डोळ्यांपुढे लंडन येते. बाबासाहेब ज्या घरात राहून शिकले, ते किंग हेन्रीज रोडवरचे १० नंबरचे घर महाराष्ट्र शासनाने २०१५ साली घेतले. त्या घराच्या पायऱ्या चढताना माझेही मन भरून आले. पण त्या घराविषयी आपल्या नियतकालिकांतून पुष्कळ लिहून आले आहे. मला सांगायचे आहे ते बर्मिंगहॅममधल्या एका भाजीच्या तुकड्याविषयी आणि तिथे राबणाऱ्या म्हाताऱ्या माणसांविषयी.

पहिले पंधरा दिवस फार जड गेले. मुलीची ड्युटी बारा तासांची. बाहेर थंडी, वर सारखा ढगाळ अंधार. मी खिडकीशी बसून रस्ता बघायचो. दोन भांडी घासायची, पुन्हा खिडकी. ज्या माणसाने चौतीस वर्षे भोंग्यावर उठून हाताने काम केले, त्याला हात मांडीवर ठेवून बसणे किती अवघड जाते, हे कामगार वाचकांना सांगायला नको. मुलगी रात्री दमून आली की प्रेमाने विचारायची, "पप्पा, दिवसभर काय केलं?" या साध्या प्रश्नाचे मला उत्तर देता येत नसे.

भीमजयंतीला भेटलेले भाईसाहेब

१४ एप्रिलला रविवार होता. मुलीने मला भीमजयंतीच्या कार्यक्रमाला नेले. बर्मिंगहॅम, वुल्व्हरहॅम्प्टन या पट्ट्यात पंजाबमधून गेलेले आंबेडकरी बौद्ध बांधव बरेच आहेत. वुल्व्हरहॅम्प्टनला त्यांनी उभारलेला बुद्धविहारही आहे. भोजनाच्या वेळी माझ्या शेजारी ऐंशी वर्षांचे एक गृहस्थ बसले होते. उंच, किंचित वाकलेले, हातात काठी. सगळे त्यांना भाईसाहेब म्हणत होते, मीही तेच म्हणू लागलो. आमचे बोलणे हिंदीत झाले.

ते जालंधर जिल्ह्यातले. विसाव्या वर्षी, १९६४ साली, ते इथे आले आणि शेजारच्या स्मेथिक गावात ओतकामाच्या कारखान्यात लागले. वितळलेल्या लोखंडापुढे उभे राहण्याचे काम. स्मेथिकमध्ये त्या काळी गोऱ्या लोकांचा एक गट असा होता की, मार्शल स्ट्रीटवरची रिकामी घरे नगरपालिकेने विकत घ्यावीत आणि ती फक्त गोऱ्यांनाच द्यावीत, अशी त्यांची मागणी. अमेरिकेतील काळ्या जनतेचे नेते माल्कम एक्स १२ फेब्रुवारी १९६५ रोजी मुद्दाम त्या रस्त्यावर येऊन गेले. त्यानंतर नऊच दिवसांनी न्यूयॉर्कमध्ये त्यांची हत्या झाली. भाईसाहेब म्हणाले, "गावात वस्ती वेगळी होती. इथे आलो तर इथेही गल्लीचाच वाद. मला वाटलं, हे आपल्या पाठोपाठ जहाजात बसून आलं की काय!"

मी दिवसभर घरी बसून असतो हे मुलीने त्यांना सांगितले असावे. निघताना त्यांनी माझे दोन्ही हात हातात घेऊन तळवे उलटे करून पाहिले आणि म्हणाले, "भाऊ, हे हात अजून कामाचे आहेत. शनिवारी माझ्या जमिनीवर या."

जमीन? मी मुलीकडे पाहिले. ती हसली.

फाटकाच्या आत

ती जमीन म्हणजे ‘अलॉटमेंट’. शहराच्या हँड्सवर्थ भागाकडे, घरांच्या मागच्या बाजूला एक लोखंडी फाटक. फाटक उघडून आत गेलो आणि थक्क झालो. बाहेर बसगाड्या धावत होत्या आणि आत एकाला लागून एक असे भाजीचे तुकडे, मधून चालायला गवताच्या वाटा, प्रत्येक तुकड्यावर फळकुटांची एक खोपटी आणि पाण्याची टाकी. ही वाडी तशी लहान. याच हँड्सवर्थमधली अपलँड्स ही वाडी देशातील सर्वांत मोठ्या वाड्यांपैकी एक असून तिथे चारशेच्या वर तुकडे आहेत. साऱ्या बर्मिंगहॅममध्ये अशा शंभराहून अधिक वाड्या आहेत.

एका पूर्ण तुकड्याचे जुने माप दहा ‘रॉड’. मी मनात हिशेब केला. एक रॉड म्हणजे सव्वातीस चौरस वार आणि आपला गुंठा १२१ चौरस वारांचा. म्हणजे चार रॉडचा एक गुंठा आणि दहा रॉड म्हणजे बरोबर अडीच गुंठे.

अडीच गुंठे हा आकडा ऐकून मला आमच्या गावची हाडकी आठवली. सातारा जिल्ह्यातली आमची वतनाची जमीन. १९५८ च्या कायद्याने महार वतन संपले, जमीन राहिली. पण आज सातबाऱ्यावर एकोणीस नावे आहेत. एक नाव माझेही आहे. कोणी मुंबईला, कोणी पुण्याला. जमीन पडीक आहे आणि वर्षातून एकदा तिच्यावरून भावकीत भांडण होते, एवढाच तिचा उपयोग.

भाईसाहेबांना हे सांगितले तेव्हा ते खोपटीच्या पायरीवर बसले आणि म्हणाले, "तुमचं नाव तरी आहे. आमच्या बापाला जमीन विकत घ्यायलाच बंदी होती."

ही गोष्ट खरी आहे. पंजाबमध्ये १९०० साली जमीन हस्तांतराचा कायदा झाला. सरकारने ज्या जमाती शेतकरी म्हणून ठरवल्या, त्यांच्याबाहेरच्या माणसाला शेतजमीन विकत घेणे त्या कायद्याने जवळजवळ अशक्य झाले. अस्पृश्यांना त्या यादीत जागा नव्हती. जन्मभर दुसऱ्याच्या शेतात राबणारा माणूस कायद्याच्या लेखी शेतकरी नव्हता. स्वातंत्र्यानंतर तो कायदा गेला, पण तोवर पिढ्या गेल्या होत्या.

सहा माणसांचा अर्ज

मग या परदेशात भाईसाहेबांना जमीन मिळाली कशी? त्यांनी विकत घेतलेली नाही. कोणी दानही केलेली नाही. ती त्यांना हक्काने मिळाली आहे. तो हक्क समजून घेण्यासारखा आहे.

इंग्लंडमध्येही पूर्वी गावोगावी गायराने होती. गरिबाची गाय तिथे चरत असे. जमीनदारांनी पार्लमेंटमध्ये कायदे करून घेतले आणि त्या गायरानांना कुंपणे घातली. गरीब उघडा पडला. मग ओरड झाली. १८४५ च्या कायद्यात, कुंपण घालताना भूमिहीन गरिबांसाठी काही तुकडे राखावेत अशी तरतूद आली. पुढे १९०८ साली मोठा कायदा झाला. त्याप्रमाणे लोकांची मागणी असेल तर भाजी पिकवण्यासाठी तुकडे उपलब्ध करून देणे हे नगरपालिकेचे कर्तव्य ठरले. त्या भागातल्या सहा मतदारांनी किंवा करदात्यांनी अर्ज केला, तर नगरपालिकेला त्याचा विचार करावाच लागतो. लंडनच्या मधल्या भागाला हा नियम आता लागू नाही, बाकी देशाला आहे. १९२५ च्या कायद्याने आणखी एक कुलूप घातले. अशा कामासाठी म्हणून नगरपालिकेने घेतलेली जमीन सरकारच्या मंत्र्याच्या परवानगीशिवाय विकता येत नाही.

अटीही आहेत. तुकड्यावर मुख्यतः स्वतःच्या कुटुंबाला लागणारी भाजी आणि फळेच पिकवायची, धंदा करायचा नाही. वर्षाचे भाडे द्यायचे. जमीन पडीक ठेवायची नाही. दुसऱ्या महायुद्धात अन्नाची टंचाई होती तेव्हा सरकारने लोकांना भाजी पिकवण्याची हाक दिली आणि देशात असे सुमारे चौदा लाख तुकडे झाले. आज तीन लाखांच्या आसपास उरले आहेत. बऱ्याच जागांवर घरे उठली. म्हणून आता तुकड्यासाठी रांगा आहेत. काही ठिकाणी वर्षानुवर्षे थांबावे लागते.

भाईसाहेब म्हणाले, "एका कायद्याने माझ्या बापाला जमीन नाकारली. दुसऱ्या कायद्याने मला दिली. मालकीची नाही, पण हक्काची आहे. कारखाना सुटला त्या वर्षी मिळाली. त्या दिवशी मी बूट काढून मातीत उभा राहिलो होतो."

माठाची ओळख

त्या शनिवारपासून मी रोज जाऊ लागलो. मुलीने एक नंबरची बस दाखवून दिली होती. पुढे मी चालतच जाऊ लागलो.

तिथली शेती आपल्यापेक्षा वेगळी. मे महिन्याच्या मध्यापर्यंत रात्री दहिवर गोठते, त्यात कोवळे रोप करपते. म्हणून दुधीची रोपे घरात खिडकीच्या काचेमागे वाढवायची आणि जूनमध्ये प्लास्टिकच्या मांडवाखाली लावायची. बटाटा मात्र एप्रिलमध्येच सरीत जातो. एक वालासारखी जाड शेंग तर नोव्हेंबरातच पेरतात, ती बर्फातही तग धरते. ऱ्हुबार्ब नावाची लाल देठांची भाजी पाहिली. तिचे देठ आंबट, साखर घालून शिजवतात, पण पान विषारी. गोगलगायींनी तर उच्छाद मांडलेला. सकाळी पहिले काम म्हणजे त्या वेचून टाकणे.

शेजारच्या तुकड्यावर जमैकाच्या एक आजी होत्या. वय अठ्ठ्याहत्तर. तरुणपणी रुग्णालयात साफसफाईचे काम केलेल्या. माझे इंग्रजी वर्कशॉपपुरते आणि त्यांचे बोलणे गाण्यासारखे, त्यामुळे सुरुवातीला नुसते हसून चालायचे. जुलैमध्ये त्यांनी एक जुडी माझ्या हातात ठेवली आणि म्हणाल्या, "कॅलालू." मी पाने पाहिली, देठ मोडला, वास घेतला. तो आपला माठ होता! मी लसूण-मिरचीची खूण करून दाखवली. त्यांनी मान डोलावली. त्यांच्याकडेही कांदा, लसूण, मिरची घालूनच परततात. सातासमुद्रापलीकडच्या दोन गरीब समाजांनी एकच भाजी जपली होती.

त्या वाडीत पन्नाशीच्या खालचे लोक थोडेच होते. कोणाची बायको गेलेली, कोणाची मुले दूर, कोणाचे गुडघे गेलेले. पण सकाळी फाटकातून आत येणारा प्रत्येक जण घाईत असायचा. कोणाला पाणी घालायचे असायचे, कोणाला वेल बांधायचा असायचा. अकरा वाजता चहा व्हायचा. एखादा दोन दिवस दिसला नाही की तिसऱ्या दिवशी कोणीतरी त्याच्या घरी जाऊन दार ठोठवायचे. मी मुलीला हे सांगितले तेव्हा ती म्हणाली, "आमच्याकडे डॉक्टरसुद्धा हेच सांगतात." नेदरलँड्समध्ये अशा तुकड्यांवर काम करणाऱ्यांची त्यांच्या शेजाऱ्यांशी तुलना करणारी एक पाहणी २०१० साली प्रसिद्ध झाली होती. बासष्ट वर्षांपुढच्या लोकांत तुकडावाल्यांची तब्येत आणि समाधान शेजाऱ्यांपेक्षा चांगले आढळले. तरुणांत तेवढा फरक नव्हता. म्हणजे मातीची गरज म्हाताऱ्यालाच जास्त!

पत्र आले

जूनमध्ये भाईसाहेबांना वाडीच्या समितीचे पत्र आले. हिवाळ्यात त्यांच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झाली होती, त्यामुळे मागचा अर्धा तुकडा पडीक होता. काटेरी वेलींनी तो भरून गेला होता. महिनाभरात सुधारणा दिसली नाही तर तुकडा काढून घ्यावा लागेल, असे पत्रात लिहिले होते.

मला संताप आला. ऐंशी वर्षांच्या माणसाला असे पत्र? भाईसाहेब शांत होते. म्हणाले, "बरोबर आहे त्यांचं. रांगेत माणसं उभी आहेत. मी अडवून बसलो तर मी जमीनदार झालो."

दुसऱ्या दिवसापासून मी त्या झुडपात घुसलो. पंचवीस दिवस रोज चार तास. मोठ्या कात्रीने वेली कापल्या, चार दातांच्या फोर्कने मुळे उकरली, घोड्याची लीद टाकली. हाताला फोड आले, कंबर धरली. पण रात्री गाढ झोप लागू लागली. मुलगी आता विचारायची, "काय केलं?" आणि मी तिला झोप येईपर्यंत सांगत बसायचो. महिन्याच्या शेवटी समितीचे लोक आले, पाहून गेले. तुकडा वाचला.

त्याच संध्याकाळी भाईसाहेब म्हणाले, "भाऊ, मी अर्धा तुकडा परत करतोय."

मला फार लागले. मी रक्त आटवून काढलेली जमीन ते देऊन टाकत होते. मी बोललोही, "मग मी खोदली कशाला?"

त्यांनी मला खाली बसवले. "तुम्ही सप्टेंबरला जाल. पुढच्या वर्षी हे पुन्हा माजेल. मला सव्वा गुंठा झेपतो. काटे भरलेली जमीन देणं वेगळं आणि तयार करून देणं वेगळं. तुमच्यामुळं मला तयार करून देता आली."

ऑगस्टमध्ये त्या अर्ध्यावर एक तरुण जोडपे आले. दोघेही गोदामात पाळीने काम करणारे, कडेवर मूल. त्यांना काहीच येत नव्हते. भाईसाहेब खुर्ची टाकून बसायचे आणि काठीने दाखवायचे, इथे वाफा, इथे सरी. त्यांना रोज दहा प्रश्न विचारले जात. अडीच गुंठे होते तेव्हा मी त्यांना एवढे खूश पाहिले नव्हते.

बाबासाहेबांनी १९१८ साली भारतातील लहान शेतजमिनींवर एक निबंध लिहिला होता. शेत लहान की मोठे हे नुसत्या क्षेत्रफळावरून ठरत नाही, त्यावर लागणारे हात आणि साधने यांच्या प्रमाणावरून ठरते, असे त्यांनी त्यात दाखवले आणि रिकाम्या राहणाऱ्या श्रमाला त्यांनी खरा रोग म्हटले. तो निबंध देशाच्या अर्थकारणाविषयी आहे. पण त्या संध्याकाळी मला वाटले, एका माणसाच्या आयुष्यालाही हे लागू पडते. आमची एकोणीस नावांची हाडकी पडीक आहे आणि भाईसाहेबांचा सव्वा गुंठा, तोही भाड्याचा, दोन घरांना भाजी देतो.

परत कल्याणला

सप्टेंबरअखेर मी परत आलो. निघताना जमैकाच्या आजींनी हात हातात घेतला आणि भाईसाहेब फाटकापर्यंत सोडायला आले. "जयभीम" एवढेच म्हणाले.

आपल्याकडे असा कायदा नाही. पण असे काहीच नव्हते असेही नाही. मुंबईत रुळांच्या कडेला दिसणारी पालक-माठाची शेती रेल्वेने ‘अधिक धान्य पिकवा’ योजनेखाली आपल्याच खालच्या श्रेणीतल्या कर्मचाऱ्यांना दिली होती. सांडपाण्यामुळे तिच्यावर टीका झाली, ती रास्तच होती. पण कामगाराला भाजीपुरता तुकडा द्यावा हा विचार आपल्याकडेही झाला होता. आणि पडीक, गायरान जमीन भूमिहीनांना मिळावी म्हणून दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९५९ आणि १९६४-६५ साली आपले आईबाप तुरुंगात गेले, हे आपण विसरता कामा नये.

आमच्या विहारामागे तीस फूट लांब आणि बारा फूट रुंद अशी जागा आहे. तिथे फुटक्या लाद्या आणि रॅबिट पडले होते. मी आणखी पाच निवृत्त माणसे जमवली. दोन वर्कशॉपची, एक पोस्टातले, एक नगरपालिकेच्या सफाई खात्यातल्या ताई आणि घरकाम करून मुले शिकवलेल्या एक आजी. सहा जणांनी सह्या करून विहार समितीला अर्ज दिला आणि परवानगी लेखी घेतली. पहिल्या वर्षी शेळीने मेथी खाल्ली. उन्हाळ्यात पाणी दिवसाआड, म्हणून भाज्या धुतलेले पाणी घराघरातून बादलीने आणले. आज माठ, मिरची, अळू आणि दोन शेवग्याची झाडे आहेत. पौर्णिमेच्या भोजनात तिथली भाजी पडते. आजींनी पाण्याची पाळी एकदाही चुकवलेली नाही. रविवारी धम्मवर्गाला येणारी मुले आधी त्यांच्याकडे जातात आणि "आजी, आज काय उगवलं?" असे विचारतात.

वाचक बंधू-भगिनींनो, आपल्या घरातले म्हातारे माणूस खिडकीशी बसलेले असेल तर त्याला नुसता आराम करायला सांगू नका. आपल्या विहारामागे, चाळीच्या गच्चीवर, वस्तीच्या कडेला एखादी जागा पडीक आहे का ते पाहा. सहा जण जमा आणि लेखी अर्ज करा. कायदा नाही म्हणून अर्ज करायला कोणी बंदी घातलेली नाही.

मुलीचा फोन अजून दर रविवारी येतो. भाईसाहेबांची खुशाली ती आधी सांगते, मग विचारते, "पप्पा, आज काय केलं?" आता माझ्याकडे सांगण्यासारखे पुष्कळ असते.

जयभीम.